पाळत, प्रतिमा आणि प्रमाण : ‘द कॅप्चर’ची पूर्वपीठिका

१

रहस्यकथेचा इतिहास हा एका अर्थी पुराव्यावरील विश्वासाचा इतिहास आहे. शेरलॉक होम्सची कथा सिगारच्या राखेवर आणि बुटाच्या ठशावर उभी राहते, पुढच्या पिढीची कथा बोटांच्या ठशांवर, त्यानंतरची छायाचित्रावर आणि ध्वनिफितीवर. इटालियन इतिहासकार कार्लो गिन्झबर्ग ह्यांनी १९७९ मधील एका प्रसिद्ध निबंधात होम्स, फ्रॉइड आणि चित्रपारखी मोरेल्ली ह्या तिघांना एकाच ज्ञानपद्धतीचे प्रतिनिधी मानले. क्षुल्लक वाटणाऱ्या खुणेवरून दृष्टीआडच्या वास्तवापर्यंत पोचणारी ही पद्धती एका गृहीतकावर उभी आहे. माणूस खोटे बोलतो, पण खूण बोलतच नाही, म्हणून ती खोटेही बोलू शकत नाही. रहस्यकथेतील साक्षीदार एकामागून एक अविश्वसनीय ठरत जातात आणि अखेरीस मुकी वस्तू सत्य सांगते, ही ह्या वाङ्मयप्रकाराची मूळ श्रद्धा होय.

बीबीसीने सप्टेंबर २०१९ मध्ये प्रक्षेपित केलेली सहा भागांची ‘द कॅप्चर’ ही मालिका ह्या श्रद्धेवरच घाव घालते. बेन चॅनन ह्यांनी लिहिलेल्या आणि दिग्दर्शित केलेल्या ह्या मालिकेकडे तंत्रज्ञानाविषयीच्या भीतीचे तात्कालिक उदाहरण म्हणून पाहण्याचा मोह होतो. त्या मोहापायी तिची वंशावळ दृष्टीआड राहते. लोकप्रिय मनोरंजनाच्या चौकटीत राहूनही ही मालिका प्रतिमा आणि प्रमाण ह्यांच्यातील नात्याविषयी एक गंभीर प्रश्न उपस्थित करते, आणि त्या प्रश्नाची मुळे तिच्या प्रक्षेपणाच्या किमान अर्धशतक आधीपर्यंत जातात.

२

कथानकाचा आरंभ एका सुटकेने होतो. अफगाणिस्तानात एका माणसाला बेकायदा ठार मारल्याबद्दल शॉन एमरी हा ब्रिटिश सैनिक दोषी ठरला आहे. शिरस्त्राणावरील कॅमेऱ्याने टिपलेली चित्रफीत हा त्याच्याविरुद्धचा मुख्य पुरावा होता. त्या चित्रफितीत ध्वनी आणि चित्र ह्यांचा मेळ बसलेला नाही, हे त्याचे वकील अपिलात सिद्ध करतात आणि तो सुटतो. त्याच रात्री लंडनमधील एका बसथांब्याजवळ तो आपल्या वकील हॅना रॉबर्ट्स हिचा निरोप घेतो. नियंत्रणकक्षातील पडद्यावर मात्र तो तिच्यावर हल्ला करून तिला ओढून नेताना दिसतो. तपास रेचेल केरी ह्या पोलीस अधिकारी स्त्रीकडे येतो. शॉन सांगतो की हॅना बसमध्ये चढून गेली, आणि पडदा सांगतो की असे काही घडलेच नाही. दोन्ही आवृत्त्यांमध्ये एक बस कॅमेऱ्यासमोरून जाते. ती दृष्टी झाकते तेवढ्या क्षणांत एका वास्तवाच्या जागी दुसरे वास्तव बसवलेले असते.

त्झ्वेतान तोदोरोव्ह ह्यांनी १९६६ मध्ये रहस्यकथेचे वर्गीकरण करताना तिच्यात दोन कथा असतात असे म्हटले होते. एक गुन्ह्याची कथा, जी घडून गेलेली असते पण सांगितली गेलेली नसते, आणि दुसरी तपासाची कथा, जी पहिलीचा शोध घेते. ‘द कॅप्चर’मध्ये ह्या दोन कथांच्या मध्ये तिसरी कथा शिरते. गुन्ह्याची कथा घडण्यापूर्वीच कोणीतरी ती रचून चित्रमुद्रित केलेली आहे, आणि तपासाच्या हाती लागतो तो गुन्ह्याचा माग नसून एका संहितेचा प्रयोग असतो. तपास करणारी व्यक्ती त्यामुळे मागकाढी राहत नाही, ती वाचक होते. ह्या संहितेचा लेखक कोण, असा तिच्यापुढचा खरा प्रश्न आहे.

३

हा प्रश्न अकस्मात उद्भवलेला नाही. खुलिओ कोर्तासार ह्यांच्या कथेवरून मिकेलान्जेलो अंतोनिओनी ह्यांनी १९६६ मध्ये केलेल्या ‘ब्लो-अप’ ह्या चित्रपटात लंडनमधील एक छायाचित्रकार बागेत टिपलेले छायाचित्र मोठे करत जातो आणि त्यात त्याला खुनाची खूण दिसू लागते. पण प्रतिमा जितकी मोठी करावी तितकी ती विरत जाते, आणि अखेरीस उरतात ते नुसते ठिपके. येथे प्रतिमेत कोणी ढवळाढवळ केलेली नाही. मर्यादा पाहणाराची आहे.

फ्रान्सिस फोर्ड कोपोला ह्यांच्या १९७४ च्या ‘द कॉन्व्हर्सेशन’मध्ये दृष्टीची जागा श्रवण घेते. सान फ्रान्सिस्कोच्या एका चौकात चोरून ध्वनिमुद्रित केलेले एक वाक्य हॅरी कॉल हा पाळततज्ज्ञ पुन्हा पुन्हा ऐकतो. वाक्यातील जोर कोणत्या शब्दावर आहे ह्याविषयी त्याचा गैरसमज होतो आणि बळी कोण, मारेकरी कोण, हेच उलटे होऊन बसते. फीत अस्सल आहे आणि तिचा अन्वय चुकला आहे. १९८१ मध्ये ब्रायन डी पाल्मा ह्यांच्या ‘ब्लो आउट’चा ध्वनिमुद्रक आपला ध्वनी दुसऱ्याने घेतलेल्या छायाचित्रांशी जुळवून खुनाचा पुरावा उभा करतो. ध्वनी आणि चित्र ह्यांचा मेळ बसला की सत्य प्रकटते, असा त्याचा विश्वास. सत्ता तो पुरावा नष्ट करते, पण खोटा पुरावा निर्माण करण्याची गरज तिला अजून भासलेली नाही.

मायकेल क्रायटन ह्यांच्या ‘रायझिंग सन’ ह्या १९९२ च्या कादंबरीत लॉस एंजेलिसच्या एका उत्तुंग इमारतीतील सुरक्षाकॅमेऱ्यांच्या मुद्रणात फेरफार केला जातो. यापुढे प्रतिमा न्यायालयात टिकणार नाही अशी चिंता ह्या कादंबरीत स्पष्टपणे व्यक्त झाली. तरीही तेथे मूळ मुद्रण कोठेतरी शिल्लक असते आणि ते सापडले की रहस्य उलगडते.

ह्या परंपरेत एक क्रम दिसतो. आधी प्रतिमा अपुरी पडते, मग तिचा अर्थ चुकतो, मग ती नाहीशी केली जाते, मग तिच्यात बदल केला जातो. ‘द कॅप्चर’ ह्या क्रमातील पुढची पायरी गाठते. येथे प्रतिमेला मूळच नाही. ध्वनी आणि चित्र ह्यांचा मेळ हे ‘ब्लो आउट’मध्ये सत्याचे लक्षण होते, आणि चाळीस वर्षांनी ह्या मालिकेत त्या मेळातील दोषच नायकाला सोडवतो. जी चित्रफीत सर्वांगी जुळलेली असते, संशयाचे कारण तीच ठरते.

४

ही कथा ब्रिटनमध्ये घडावी ह्यालाही इतिहास आहे. १२ ऑक्टोबर १९८४ रोजी ब्रायटन येथे हुजूर पक्षाच्या अधिवेशनकाळात हॉटेलात बॉम्बस्फोट झाला. पुढच्या वर्षी बोर्नमथ शहराच्या सार्वजनिक जागेत कॅमेरे बसवण्यात आले. नागरी पाळतीच्या ब्रिटिश इतिहासात हा टप्पा नेहमी सांगितला जातो. पण कॅमेऱ्याला लोकमान्यता मिळाली ती फेब्रुवारी १९९३ मध्ये. लिव्हरपूलजवळच्या बूटल येथील बाजारसंकुलातून दोन मोठ्या मुलांनी दोन वर्षांच्या एका बालकाला हात धरून नेले आणि पुढे त्याची हत्या झाली. ते दृश्य सुरक्षाकॅमेऱ्याने टिपले होते, आणि दूरचित्रवाणीवर ते पुन्हा पुन्हा दाखवले गेले. कॅमेऱ्याने त्या बालकाला वाचवले नव्हते. त्याने फक्त पाहिले होते. तरीही त्या धूसर चित्राने कॅमेरा हा रक्षणकर्ता आहे ही भावना समाजमनात रुजवली. पुढच्या वर्षापासून गृहखात्याने स्थानिक संस्थांना कॅमेऱ्यांसाठी स्पर्धा घेऊन निधी देण्यास प्रारंभ केला.

ह्या कॅमेऱ्यांच्या संख्येचीही एक कथा आहे. ब्रिटनमध्ये ४२ लाख कॅमेरे असून दर चौदा माणसांमागे एक कॅमेरा आहे, हा आकडा वर्षानुवर्षे वृत्तपत्रांतून फिरत राहिला. २००२ मध्ये दोन संशोधकांनी लंडनच्या पटनी भागातील पाहणीवरून बांधलेला तो अंदाज होता. २०११ मध्ये चेशर पोलिसांच्या मोजणीवर आधारलेल्या दुसऱ्या अंदाजात संख्या साडेअठरा लाखांवर आली. म्हणजे पाळतीचे सामर्थ्य मोजणारी संख्यासुद्धा काही अंशी कल्पित होती. बेन्थमने अठराव्या शतकाच्या अखेरीस आखलेल्या सर्वदर्शी कारागृहाचे विवेचन फूको ह्यांनी १९७५ मध्ये केले. त्या रचनेचे मर्म पाहणारा प्रत्यक्षात असण्यात नसून तो असेल ह्या जाणिवेत होते. फुगलेला आकडा त्याच तत्त्वाने काम करतो.

५

१९८५ हे वर्ष आणखी एका कारणाने महत्त्वाचे आहे. ह्याच वर्षी ब्रिटनमध्ये संदेशवहनातील हस्तक्षेपाविषयी कायदा झाला. गुप्तपणे ऐकलेले दूरध्वनीसंभाषण न्यायालयात पुरावा म्हणून मांडता येऊ नये असे बंधन त्यात होते. २००० आणि २०१६ च्या कायद्यांनीही हे बंधन, काही अपवाद वगळता, कायम ठेवले. गुप्तहेरसंस्थांना आपल्या पद्धती उघड होऊ द्यायच्या नव्हत्या. म्हणजे ज्या काळात रस्त्यावरच्या डोळ्याला साक्ष देण्याचा अधिकार मिळत होता, त्याच काळात तारेवरच्या कानाला तो नाकारला जात होता. राज्यसंस्थेला पुष्कळ ठाऊक असे, आणि त्यातील फार थोडे तिला सांगता येत असे.

‘द कॅप्चर’चे कथानक नेमक्या ह्या फटीत जन्मते. मालिकेतील गुप्तचर अधिकारी बनावट चित्रफितीला ‘करेक्शन’, म्हणजे ‘दुरुस्ती’, म्हणतात. गुप्त मार्गाने गुन्हेगार ठाऊक झालेला आहे, पण तो मार्ग न्यायालयात उघड करता येत नाही. म्हणून जे घडले असे ठाऊक आहे, तेच घडताना दिसेल अशी चित्रफीत तयार करायची. जे कानाने ऐकले ते डोळ्याच्या नावावर खपवायचे. आपण खोटे बोलत नाही, खऱ्याला फक्त ग्राह्य रूप देतो, असा त्यांचा दावा आहे.

हा दावा साहित्याच्या अभ्यासकाला अपरिचित वाटण्याचे कारण नाही. घडलेल्या तपशिलाला धरून न राहता घडण्याजोग्याची रचना करावी आणि त्यातून अधिक सखोल सत्य सांगावे, हीच वास्तववादी कलाकृतीची भूमिका होय. दुरुस्ती करणारा अधिकारी कादंबरीकाराची भाषा बोलतो. फरक इतकाच की कादंबरी मुखपृष्ठावर आपले कादंबरीपण मान्य करते आणि तिच्यातील पात्राला खऱ्या तुरुंगात जावे लागत नाही.

संस्कृत नाट्यपरंपरेशी परिचित असलेल्या वाचकाला येथे ‘मुद्राराक्षसा’ची आठवण होणे स्वाभाविक आहे. विशाखदत्ताच्या ह्या नाटकात चाणक्याच्या हेराला अमात्य राक्षसाची मुद्रा सापडते. चाणक्य एक पत्र योजतो आणि ते राक्षसाचा स्नेही शकटदास ह्याच्याच हातून, त्याला हेतू न कळू देता, लिहून घेतो. त्यावर ती मुद्रा उमटवतो. पुढे हे पत्र मलयकेतूच्या छावणीत ठरल्याप्रमाणे ‘पकडले’ जाते आणि राक्षसावरील त्याचा विश्वास उडतो. मुद्रा खरी आहे, हस्ताक्षर खरे आहे, पत्र तेवढे खोटे आहे. अस्सल खुणांपासून खोटी साक्ष कशी घडवावी ह्याचे इतके काटेकोर चित्रण प्राचीन नाट्यवाङ्मयात विरळा. तेथेही हेरांचे जाळे आहे, तेथेही राज्यसंस्थाच कथानकाची कर्ती आहे आणि तेथेही प्रतिपक्षातील सर्वांत प्रामाणिक व्यक्ती अखेरीस त्याच राज्यसंस्थेत सामावली जाते. राक्षस चंद्रगुप्ताचे मंत्रिपद स्वीकारतो. रेचेल केरी पहिल्या मालिकेच्या शेवटी दुरुस्ती करणाऱ्यांच्याच गोटात प्रवेश मागते.

भेदही तितकाच बोलका आहे. ‘मुद्राराक्षसा’च्या प्रेक्षकाला पहिल्या अंकापासून डाव ठाऊक असतो, आणि त्याचा आस्वाद चातुर्याच्या दर्शनात असतो. ‘द कॅप्चर’च्या प्रेक्षकाची अवस्था मलयकेतूची आहे. पडद्यावरचा पडदा त्यालाही फसवतो. तसेच राक्षस मित्राचे प्राण वाचवण्यासाठी शरण जातो, तर रेचेलचा हेतू संदिग्ध राहतो. नाटकाला राज्याच्या स्थैर्यात कपटाचे समर्थन सापडते. मालिकेला ते सापडत नाही, आणि ते शोधण्याचा खटाटोपही ती करत नाही.

६

चित्रफितीला पुरावा मानताना तिला कोणत्या प्रकारचे प्रमाण मानले जाते, हा प्रश्न न्यायदर्शनाच्या परिभाषेत मांडल्यास अधिक स्पष्ट होतो. सर्वसामान्य समज असा की चित्रफीत हे प्रत्यक्ष प्रमाण आहे. परंतु इंद्रिय आणि विषय ह्यांचा सन्निकर्ष हे प्रत्यक्षाचे लक्षण चित्रफीत पाहणाऱ्या न्यायाधीशाच्या बाबतीत पडद्यापुरतेच पुरे होते. पडद्यावरून घटनेकडे जाणे हे धुरावरून अग्नीकडे जाण्यासारखे अनुमान आहे. पर्स छायाचित्राला निर्देशक चिन्ह म्हणतो, किंवा बार्थ १९८० मध्ये छायाचित्राचे सार ‘ते तिथे होते’ ह्या भावात शोधतो, तेव्हा तेही एका व्याप्तीचाच उच्चार करत असतात. जेथे प्रतिमा तेथे वस्तू होती, ही ती व्याप्ती. २०१४ पासून विकसित झालेल्या, परस्परस्पर्धी जाळ्यांवर आधारलेल्या संगणकीय पद्धतींनी आणि २०१७ च्या अखेरीस रूढ झालेल्या ‘डीपफेक’ने ही व्याप्ती सव्यभिचार करून टाकली. धूर आहे आणि अग्नी नाही, असे उदाहरण एकदा दिसले की अनुमानाचा पायाच डळमळतो.

व्याप्ती शाबूत असतानाही अनुमान निर्वेध नव्हते. मार्च १९९१ मध्ये लॉस एंजेलिसच्या पोलिसांनी रॉडनी किंग ह्यांना केलेली मारहाण एका नागरिकाने चित्रित केली. १९९२ मध्ये सिमी व्हॅली येथील खटल्यात बचावपक्षाने तीच फीत संथ करून, चौकट-चौकट थांबवून, तज्ज्ञांकरवी ज्यूरीला वाचून दाखवली. जमिनीवर पडलेल्या माणसाची प्रत्येक हालचाल आक्रमणाची तयारी म्हणून उलगडण्यात आली आणि पोलीस जवळजवळ सर्व आरोपांतून सुटले. फितीत एकही चौकट बदललेली नव्हती.

यंत्राच्या शब्दावर माणसाच्या शब्दापेक्षा अधिक विश्वास ठेवण्याची किंमत ब्रिटनने वेगळ्या प्रकरणातही मोजली आहे. संगणक योग्य रीतीने चालत असल्याचे सिद्ध करण्याची अट इंग्लंडच्या कायद्यातून १९९९ मध्ये काढून टाकण्यात आली, आणि यंत्र बरोबर असल्याचे गृहीत धरले जाऊ लागले. ‘होरायझन’ ह्या हिशेबप्रणालीतील दोषांमुळे टपालकार्यालये चालवणारी ९०० हून अधिक माणसे चोरी आणि अफरातफरीबद्दल दोषी ठरली. ह्या अन्यायाकडे देशाचे लक्ष वेधण्यात जानेवारी २०२४ मधील एका दूरचित्रवाणीमालिकेचा मोठा वाटा होता, आणि त्याच वर्षी संसदेने कायदा करून त्यांपैकी बहुसंख्य शिक्षा रद्द केल्या. तेथे कोणी प्रतिमा घडवली नव्हती. यंत्राला आप्त मानले, एवढेच घडले होते.

भारतीय न्यायव्यवहारात ह्या प्रश्नाला मिळालेले उत्तर ह्या संदर्भात लक्षणीय आहे. जालना विधानसभा मतदारसंघातील उमेदवारी अर्ज २०१४ मध्ये मुदतीत दाखल झाले की नाही, हा वाद निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातील चित्रीकरणावर येऊन ठेपला. अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास कुशनराव गोरंट्याल ह्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२० मध्ये असा निर्णय दिला की मूळ साधन हजर न करता इलेक्ट्रॉनिक नोंदीची प्रत मांडायची असेल, तर तिच्यासोबत जबाबदार व्यक्तीचे प्रमाणपत्र आवश्यक आहे. प्रमाणपत्र मागूनही संबंधितांनी ते दिले नाही, तर मागणाऱ्याला त्याचा फटका बसू नये, हेही न्यायालयाने पाहिले. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या साक्ष अधिनियमातही प्रमाणपत्राची अट आहे. ह्याचा तात्त्विक अर्थ असा की चित्रफीत स्वतःच्या बळावर उभी राहत नाही. तिच्यामागे नाव असलेला, सही करणारा, उलटतपासणीला सामोरा जाऊ शकणारा माणूस लागतो. जे प्रत्यक्ष वाटत होते आणि अनुमान निघाले, ते अखेरीस शब्दप्रमाणाच्या आश्रयाला येते.

७

२०२२ मध्ये आलेल्या दुसऱ्या मालिकेत हा प्रश्न न्यायालयातून राजकारणात जातो. आयझॅक टर्नर हा मंत्री वृत्तवाहिनीवर मुलाखत देत असताना प्रेक्षकांपर्यंत पोचते ती त्याची घडवलेली प्रतिमा, आणि ती त्याने न उच्चारलेली मते मांडते. कथेत दाखवलेली तत्क्षण फेरफाराची सहजता त्या वेळच्या तंत्राच्या पुढची होती. पण रॉबर्ट चेस्नी आणि डॅनिएल सिट्रन ह्या अमेरिकी विधिज्ञांनी दाखवून दिलेला दुसरा धोका अधिक निकटचा आहे. बनावट शक्य आहे एवढे सर्वांना कळले की खरी चित्रफीतही नाकारता येते. त्याचा लाभ खोटे बोलणाऱ्यालाच होतो. बूटलच्या कॅमेऱ्याने निर्माण केलेला आंधळा विश्वास आणि हा सर्वंकष अविश्वास ही एकाच आळसाची दोन रूपे आहेत. दोन्हींमध्ये वाचन टळते.

पहिल्या मालिकेतील सर्वांत अस्वस्थ करणारी कल्पना ह्याच ठिकाणी अर्थपूर्ण होते. हॅनाच्या अपहरणाची चित्रफीत गुप्तहेरांनी बनवलेली नसते. दुरुस्तीचा प्रकार जगापुढे यावा म्हणून, हॅनासह, त्या प्रकाराच्या विरोधकांनीच ती बनवलेली असते. खोटेपणा उघड करण्यासाठी त्यांनी खोट्याचाच आश्रय घेतला, एका माणसाला त्याच्या संमतीवाचून पात्र केले, आणि त्या संहितेवरचा ताबा पाहता पाहता त्यांच्या हातून सुटला. शॉनची अफगाणिस्तानातील निर्दोषताही शेवटपर्यंत निर्मळ राहत नाही. ज्या चित्रफितीला खोटे ठरवून तो सुटला, ती कदाचित खरेच सांगत होती, हे प्रेक्षकाला स्वीकारावे लागते.

विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांत साहित्यसमीक्षेने वास्तव हीसुद्धा एक रचना आहे, संहितेबाहेर उभे राहून तिला पडताळता येत नाही, लेखक हा अर्थाचा धनी नव्हे, अशी सूत्रे मोठ्या उत्साहाने मांडली. सत्तेने नैसर्गिक म्हणून मिरवलेल्या अर्थांचा बुरखा फाडणे हे त्यामागचे प्रयोजन होते. ‘द कॅप्चर’मधील गुप्तचर अधिकारी तीच सूत्रे सत्तेच्या बाजूने वापरतो, आणि लेखक अदृश्य राहणे ही त्याची सर्वांत मोठी सोय असते. म्हणून समीक्षेला आपल्या जुन्या सूत्रांपैकी एकाचा फेरविचार करणे भाग आहे. अर्थाचे स्वामित्व लेखकाकडे नसेलही, पण रचनेचे उत्तरदायित्व कोणाचे तरी असतेच. ‘मुद्राराक्षसा’तील पत्र ज्या क्षणी पकडले जाते त्या क्षणी मलयकेतू हस्ताक्षर पारखतो, मुद्रा पारखतो, अलंकारही पारखतो. हे पत्र कोणी लिहवून घेतले, एवढाच प्रश्न तो विचारत नाही, आणि त्याचा पराभव तेथेच होतो.